बेटी डेव्हिस: तीन अल्बम आणि मग शांतता? कुठून ऐकू?

अर्धमात्रा

नमस्कार मंडळी. सध्या जॅझ ट्रम्पेटवादक माइल्स डेव्हिसचं १९६८ ते ७० मधलं काम क्रमानं ऐकतोय. त्याच्या 'फीय द किलिमांजारो' या अल्बमच्या मुखपृष्ठावर एका तरुणीचा चेहरा आहे आणि शेवटची लांबलचक रचना, 'मादमोझेल मेब्री', तिच्याच नावाची आहे. शोधल्यावर कळलं की ही बेटी मेब्री, म्हणजे पुढची बेटी डेव्हिस. माइल्सची दुसरी बायको, आणि स्वतःही फंक, म्हणजे बेस आणि ड्रमच्या ठेक्यावर उभं असलेलं कृष्णवर्णीय अमेरिकी संगीत, गायची.

म्हणून तिचा १९७३ चा पहिला अल्बम लावला आणि गोंधळलो. बाई गाते आहे की भांडते आहे तेच कळेना. अरीथा फ्रँकलिनसारखी सोल गायिका ऐकून तयार झालेल्या कानांना हा आवाज पचवायचा कसा? बेस मात्र जबरदस्त आहे, त्यासाठी दोनदा ऐकला.

जाणकारांनी सांगावं: हिला फंकमधली अग्रणी का म्हणतात? १९७५ नंतर ती एकदम गायब कशी झाली? आणि थोडं आगाऊपणे विचारतो, माइल्सचं आडनाव नसतं तर आज कोणी हिची आठवण काढली असती का?

खर्ज

शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करते, कारण त्याचा मला राग येतो. (तुमचा नाही, प्रश्नाचा. हौशी बँडमध्ये बेस वाजवते, त्यामुळे हा प्रश्न दर वेळी मलाच विचारला जातो.)

माइल्स भेटला तेव्हा बेटी कोणी होतकरू चाहती नव्हती. जन्म १९४४ चा, नॉर्थ कॅरोलायनातल्या डरॅमचा. आजीच्या घरी ब्लूजच्या तबकड्या वाजायच्या, त्यात बी. बी. किंग, जिमी रीड, एल्मोर जेम्स. पुढे वडिलांच्या पोलाद कारखान्यातल्या नोकरीमुळे कुटुंब पिट्सबर्गजवळच्या होमस्टेडला आलं. बाराव्या वर्षी तिनं पहिलं गाणं रचलं, प्रेमाचा केक भाजणार आहे अशा काहीशा आशयाचं. विशी गाठायच्या आत एकटी न्यूयॉर्कला गेली, फॅशन इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीत दाखल झाली, मॉडेलिंग केलं, एका क्लबात रात्रीच्या पार्ट्या जमवल्या. १९६४ मध्ये माहेरच्या नावानं तिची सिंगल, म्हणजे सुट्या गाण्याची तबकडी, आली. १९६७ मध्ये चेंबर्स ब्रदर्स या बँडनं तिचं 'अपटाउन' गायलं, आणि ते त्यांच्या 'द टाइम हॅज कम' या गाजलेल्या अल्बमवर आहे. पुढच्या वर्षी ट्रम्पेटवादक ह्यू मासेकेलाच्या संयोजनात कोलंबिया या रेकॉर्ड कंपनीसाठी तिनं आणखी एक सिंगल केली. यातलं काहीही माइल्सच्या कृपेनं झालेलं नाही.

लग्न सप्टेंबर १९६८ मध्ये झालं आणि १९६९ मध्ये मोडलंही. तो बेचाळीस वर्षांचा, ती चोवीसची. या एका वर्षात देवाणघेवाण कोणत्या दिशेनं झाली ते बघा. रॉक गिटारवादक जिमी हेंड्रिक्स आणि फंकवाला स्लाय स्टोन यांचं संगीत माइल्सच्या घरात आणलं बेटीनं. त्याचे शिवून घेतलेले इटालियन सूट कपाटात गेले आणि चामडं, झालरी, रंगीत शर्ट आले तेही तिच्यामुळेच. तुम्ही ज्या 'मादमोझेल मेब्री'चं नाव घेतलंत, तिच्या सुरुवातीच्या सुरावटीत हेंड्रिक्सच्या 'द विंड क्राइज मेरी'ची सावली आहे. दोन्ही लागोपाठ लावा, लगेच कळेल. माइल्सच्या पुढच्या गाजलेल्या अल्बमचं 'बिचेस ब्रू' हे नावही तिनंच सुचवल्याचं सांगतात. आणि लग्न का मोडलं, तर त्याच्या हिंसक रागामुळे, असं ती पुढे सांगत असे. तेव्हा आडनावाचा हिशेब मांडायचाच तर तो दोन्ही बाजूंनी मांडावा.

आता १९७३ च्या अल्बमकडे येऊ. तो बेस तुम्हाला आवडला, म्हणजे तुम्ही अर्धी वाट चालून आलात. तो लॅरी ग्रॅहमचा आहे. स्लाय स्टोनच्या 'स्लाय अँड द फॅमिली स्टोन' या बँडमधला. या माणसानं अंगठ्यानं तारेवर ठोसा आणि बोटानं तार खेचून चटका ही पद्धत रुळवली. झालं असं की तो तरुणपणी आईच्या साथीला वाजवायचा आणि त्यांच्याकडे ड्रमर नव्हता. मग ड्रमचं काम त्यानं बेसवरच करायला घेतलं: अंगठा म्हणजे पायानं वाजणारा मोठा ड्रम, खेचलेली तार म्हणजे स्नेअर, तो कडक आवाजाचा छोटा ड्रम. आज जगभर ज्याला स्लॅप म्हणतात ते हे. ड्रमवर ग्रेग एरिको आहे, तोही स्लायच्याच बँडमधला, आणि अल्बमचा निर्माताही तोच. गिटारवर नील शॉन, जो नंतर जर्नी या रॉक बँडमुळे घराघरांत पोहोचला. मागे गाणाऱ्यांत पॉइंटर सिस्टर्स आणि सिल्व्हेस्टर. सॅन फ्रान्सिस्कोतल्या त्या वेळच्या सगळ्यात तगड्या मंडळींना एका खोलीत आणून बसवलं होतं. आणि गाणी? सगळी बेटीची. शब्द तिचे, चाल तिची, आणि कोणत्या वाद्यानं काय वाजवायचं तेही बहुतेक तिचंच. तिला स्वरलिपी येत नव्हती. प्रत्येक वाद्याचा तुकडा ती तोंडानं गुणगुणून दाखवायची आणि वादकांनी तो उचलायचा. तुम्ही दोनदा ऐकलेला तो बेस आधी या बाईच्या गळ्यातून निघाला असण्याची शक्यता बरीच आहे.

आवाजाबद्दल उद्या लिहिते, आत्ता तालमीला उशीर होतोय.

तिसरी घंटा

खर्ज यांचा प्रतिसाद आवडला, पण मी धागाकर्त्याच्या बाजूनं. इतिहास कितीही भारी असला तरी शेवटी कानाला जे लागतं ते लागतं. तिचा पल्ला छोटा, सूर लांबवला की डळमळतो, आणि अर्धा वेळ नुसती गुरगुर. त्याच काळात चाका खान होती, ॲन पीबल्स होती, मेव्हिस स्टेपल्स होती. त्या गायिका. बेटी डेव्हिस ही फार तर उत्तम गीतकार आणि त्याहून उत्तम कपडे घालणारी बाई. पहिल्या मुखपृष्ठावरचे ते मांडीपर्यंतचे चंदेरी बूट मात्र मान्य!

खर्ज

बुटांवर एकमत झालं हे काय कमी आहे.

बाकी असं बघा. अरीथाचा आवाज चर्चमधून आला. तिथे सूर वर चढत जातो, लांबतो, ऐकणाऱ्याला सोबत घेऊन जातो. सोल गायकीचा बहुतेक सगळा कस याच मापानं लावला जातो. फंकची गोष्ट निराळी. जेम्स ब्राउननं साठच्या दशकाच्या मध्यावर सगळं वजन समेवर आणून ठेवलं आणि गिटार, ब्रास, गळा या सगळ्यांना तालवाद्यच करून टाकलं. त्याच्या हुंकारांना आणि किंकाळ्यांना कोणी 'सूर डळमळतो' म्हणत नाही. तेच एका बाईनं केलं की तिला गाता येत नाही?

'इफ आय एम इन लक आय माइट गेट पिक्ड अप' लावा. गिटार, ड्रम, बेस एकेक करून आत येतात, आणि बेटी शब्दाचं टोक चावून सोडते, श्वासाचा आवाज मुद्दाम ठेवते, ओळ जिथे संपेल असं वाटतं त्याच्या अलीकडेच तोडते. त्या तुटलेल्या जागेत बेसचा चटका येतो. ती ओळ लांबवली असती तर तो चटका बुडाला असता. बेस वाजवणाऱ्यासाठी असा गायक म्हणजे पर्वणी! मी स्वतः सुरेल, लांब ताना घेणाऱ्या गायकांबरोबर वाजवलंय, तिथे आमचं काम अंथरूण घालण्याचं असतं.

तिला हळू गाता येत नव्हतं असंही नाही. याच अल्बममधलं शेवटचं 'इन द मीनटाइम' ऐका. १९७५ च्या 'नॅस्टी गॅल'वरचं 'यू अँड आय' तर नक्कीच ऐका. ते तिनं माइल्सबरोबर लिहिलंय, घटस्फोटानंतर इतक्या वर्षांनी, आणि संयोजन माइल्सचा जुना सहकारी गिल एव्हान्सचं. तिथे आवाज बारीक होतो, जवळजवळ बोलल्यासारखा. थरथर आहेच, ती काढून टाकली तर गाणं उरणार नाही.

चाका खान मलाही आवडते. दोघींना एका तराजूत घालायचं कारण नाही.

बी साइड

मी जुन्या तबकड्या जमवतो, म्हणून धंद्याच्या बाजूचं थोडं लिहितो. 'गायब का झाली' याचं उत्तर बरंचसं तिथेच आहे.

पहिल्या अल्बमच्या आधीची गोष्ट. तिनं कमोडोर्स या त्या वेळी नवख्या बँडसाठी गाणी लिहून दिली होती, आणि त्यावरून मोटाउन या बड्या रेकॉर्ड कंपनीनं तिच्यातही रस दाखवला. पण मोटाउनची रीत अशी की गाण्यांचे प्रकाशनहक्क कंपनीकडे. बेटीनं नकार दिला. गिटारवादक एरिक क्लॅप्टन निर्माता व्हायला तयार होता म्हणतात, त्यालाही नकार. शेवटी ती वुडस्टॉक महोत्सवाच्या आयोजकांपैकी एक असलेल्या मायकल लँगच्या 'जस्ट सनशाइन' या लहान कंपनीकडे गेली. तिथे मोकळीक होती, पण रेडिओवर गाणं लावून घेण्याची ताकद नव्हती. 'इफ आय एम इन लक' आर अँड बी (कृष्णवर्णीय लोकप्रिय संगीत) गाण्यांच्या खपाच्या यादीत ६६ व्या क्रमांकापर्यंत गेलं आणि तिथेच थांबलं.

त्यात विरोध. रात्री बाहेर पडून स्वतः पुरुष निवडणारी बाई, आणि त्याबद्दल लाजणं नाही की पश्चात्ताप नाही. धार्मिक गटांनी आवाज उठवला, कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या एनएएसीपीनंही आक्षेप घेतला, काही ठिकाणी कार्यक्रम रद्द झाले. दोन्हीकडून कोंडी. गोऱ्या रॉक स्टेशनांना ती फार काळी, काळ्या स्टेशनांना फार रॉक आणि फार उघड. त्याच सुमारास पुरुष गायक याहून कितीतरी थेट गात होते आणि ते बिनबोभाट वाजत होतं, पण ते जाऊ द्या.

१९७४ चा 'दे से आय एम डिफरंट' तिनं स्वतः निर्मित केला. माझ्या मते तोच तिचा सर्वांत चांगला. शीर्षकगीतात ती पूर्वजांच्या आवडत्या ब्लूज गायकांची नावं घेत जाते, म्हणजे 'मी वेगळी आहे' म्हणताना आपली वंशावळ वाचून दाखवते. १९७५ मध्ये आयलंड कंपनीकडून 'नॅस्टी गॅल' आला. यावर तिचा स्वतःचा बँड आहे, फंक हाउस, त्यात तिचे चुलतभाऊही होते. याच अल्बमवर वर्तमानपत्रवाल्यांना उद्देशून एक आख्खं गाणं आहे, त्यावरून तिची तेव्हाची मनःस्थिती कळते. मोठी कंपनी मिळूनही विक्री बेताचीच.

१९७६ मध्ये लुइझियानातल्या बोगालुसा गावच्या स्टुडिओत याच बँडबरोबर पुढचा अल्बम पूर्ण झाला. तो प्रसिद्धच झाला नाही. फिती पडून राहिल्या त्या थेट २००९ पर्यंत. मग 'इज इट लव्ह ऑर डिझायर' या नावानं आला. १९७९ मध्ये लॉस एंजेलिसला आणखी एक ध्वनिमुद्रण झालं, तेही रखडलं. म्हणजे 'तीन अल्बम आणि गायब' हे बाजारापुरतं खरं. प्रत्यक्षात ती आणखी चार वर्षं काम करत होती, फक्त ते कोणाच्या कानांपर्यंत पोहोचलं नाही.

अर्धमात्रा

वा, एवढं अपेक्षित नव्हतं. काल रात्री 'दे से आय एम डिफरंट' ऐकला. ते 'ही वॉज अ बिग फ्रीक' कोणाबद्दल आहे? माइल्स की हेंड्रिक्स? शिवाय १९७९ नंतरही चार दशकं उरतात. त्या काळात ती करत काय होती? आणि खर्ज, एक विचारतो. मोटाउनला नाही, क्लॅप्टनला नाही. हा हट्ट तिला महाग पडला असं तुम्हाला वाटत नाही का?

खर्ज

आधी गॉसिप उरकून टाकू. त्या गाण्यातल्या फिरोजी रंगाच्या साखळीवरून लोक हेंड्रिक्सचं नाव घेतात, कारण त्याला तो रंग आवडायचा. माइल्सनं आत्मचरित्रात दोघांच्या संबंधांचा संशय लिहून ठेवला आहे. बेटीनं तो नाकारला. मला यात फार रस नाही. पुरुषानं असं गाणं लिहिलं की आपण त्याची कल्पनाशक्ती वाखाणतो आणि बाईनं लिहिलं की लगेच 'तो कोण?' विचारतो. तुम्ही नवे आहात म्हणून माफ :)

हट्ट महाग पडला का? पडला. नाही म्हणणार नाही. मोटाउनकडे तिला रेडिओ मिळाला असता, वाद्यवृंद मिळाला असता, कदाचित यादीत पहिल्या दहात एखादं गाणंही. त्या बदल्यात तिला कपडे बदलावे लागले असते, शब्द मऊ करावे लागले असते आणि गाणी दुसऱ्याच्या नावावर जमा झाली असती. १९६९ मध्ये तिनं हे एकदा जवळून पाहिलं होतं. कोलंबियाच्या स्टुडिओत तिच्यासाठी जे ध्वनिमुद्रण झालं त्यात निर्माते माइल्स आणि त्याचा नेहमीचा निर्माता टिओ मॅसेरो. वादक कोण, तर हर्बी हँकॉक, जॉन मॅक्लॉफ्लिन, वेन शॉर्टर, आणि हेंड्रिक्सकडचे मिच मिचेल आणि बिली कॉक्स! असा ताफा असूनही कंपनीनं फिती कपाटात टाकल्या. त्या २०१६ मध्ये बाहेर आल्या. जरूर ऐका, पण लगेच जाणवेल की तिथे ती दबकून गाते आहे. निर्णय दुसऱ्याचे आहेत. चार वर्षांनी, १९७३ मध्ये, तिच्यापुढे तेवढे मोठे वादक होते, पण सूत्रं तिच्या हातात होती. फरक दोन्ही तबकड्यांत ऐकू येतो, मी वेगळं सांगायची गरज नाही.

उरलेल्या वर्षांबद्दल. १९८० मध्ये वडील गेले. या मृत्यूनं ती पार खचली. मध्ये काही काळ जपानमध्ये मौन पाळणाऱ्या भिक्षूंच्या सहवासात राहिली. मग होमस्टेडला परतली आणि तिथेच राहिली, अगदी साधेपणानं. मुलाखती नाहीत, फोटो नाहीत, पुनरागमनाचे दौरे नाहीत. सत्तर-ऐंशीच्या दशकातले किती जण जुन्या चार गाण्यांवर कॅसिनोंमधून फिरत राहिले ते आठवा. तिनं तेही केलं नाही. यात दुःख होतं, आजारपण होतं, पैशांची ओढाताण होती. त्याला 'रहस्यमय सन्यास' वगैरे गोंडस नाव देणाऱ्यांचा मला कंटाळा आला आहे. बाईचं काम कोणी घेईना, वडील गेले, ती घरी गेली. इतकं सरळ.

दरम्यान माइल्सनं १९८९ च्या आत्मचरित्रात लिहिलं की ती आज गात असती तर मॅडोनासारखी किंवा बाईच्या रूपातल्या प्रिन्ससारखी असती. म्हणजे तिच्या वाटेवरून इतर लोक स्टेडियमपर्यंत पोहोचले होते तेव्हा ती होमस्टेडच्या घरात होती. २००७ मध्ये 'लाइट इन द ॲटिक' या कंपनीनं पहिले दोन अल्बम रीतसर, तिच्याशी करार करून पुन्हा काढले. तिथून नवी पिढी आली. २०१७ मध्ये तिच्यावर माहितीपट झाला. त्यातही ती कॅमेऱ्यासमोर धड चेहरा दाखवत नाही. २०१९ मध्ये तिनं एक नवीन गाणं लिहिलं आणि स्वतः न गाता डॅनिएल मॅज्जिओ या तरुण गायिकेकडून गाऊन घेतलं. फेब्रुवारी २०२२ मध्ये होमस्टेडलाच कर्करोगानं गेली. ७७ वर्षांची होती.

तिसरी घंटा

'यू अँड आय' ऐकलं. बरं आहे. म्हणजे चांगलं आहे. पण 'नॅस्टी गॅल'चं शीर्षकगीत अजूनही झेपत नाही, आणि मी ते झेपवायचा प्रयत्नही सोडून दिला आहे. मतभेद कायम ठेवू या.

बी साइड

मतभेद असू द्यात, तिलाही आवडले असते.

अर्धमात्रा, विकत घेणार असाल तर एक सूचना. १९७९ चं ते रखडलेलं ध्वनिमुद्रण नव्वदच्या दशकात तिच्या संमतीशिवाय वेगवेगळ्या नावांनी बाजारात आलं होतं. त्या प्रती अजून फिरतात, आवाज वाईट आणि तिला त्यातून काही मिळालं नाही. तिच्या मर्जीची आवृत्ती 'क्रॅशिन फ्रॉम पॅशन' या नावानं २०२३ मध्ये आली. हातात घ्याल तेव्हा साल बघा. त्यात फंक कमी आणि त्या काळचा चकचकीतपणा जास्त आहे, म्हणून सुरुवातीला नको. आधी १९७४, मग १९७३, मग १९७५, मग बोगालुसाचा. कोलंबियाच्या फिती सगळ्यांत शेवटी.

खर्ज

क्रम मान्य, फक्त पहिले दोन उलटे करा. १९७३ आधीच ऐकलाय, तर तोच पुन्हा लावा, या वेळी बेसकडे लक्ष न देता. मी हे म्हणतेय म्हणजे बघा! नुसता तिचा आवाज धरून ठेवा आणि ती कुठे थांबते ते मोजा. मोबाइलच्या स्पीकरवर नको, त्यात खर्ज येतच नाही.